आगंतुकाचे गाव : ‘बनगरवाडी’पासून ‘फुलेरा’पर्यंत

हिंदी मनोरंजनाच्या क्षेत्रात गेल्या दशकभरात ‘वेब मालिका’ नावाचा एक नवा कथाप्रकार चांगलाच रुजला आहे. २०१४-१५ च्या सुमारास ‘टीव्हीएफ’ या संस्थेने यूट्यूबवर ‘पर्मनंट रूममेट्स’ आणि ‘पिचर्स’ या मालिका आणल्या, तेव्हा त्यांचा प्रेक्षक प्रामुख्याने महाविद्यालयीन तरुण होता. २०१८ मध्ये ‘सेक्रेड गेम्स’ व ‘मिर्झापूर’ आल्या, २०२० च्या टाळेबंदीने घराघरांतील माणसांना एकाच खोलीत आणून बसविले, आणि हा प्रकार आजोबांपासून नातवंडांपर्यंत सर्वांचा झाला. आपल्या बालाघाटातील जुनी मराठी घरेही यास अपवाद नाहीत. ज्या घरांत एकेकाळी नागपूरहून येणाऱ्या मासिकांची वाट पाहिली जात असे, त्या घरांत आता पुढचा ‘सीझन’ केव्हा येणार याची चौकशी होते.

या मालिकांविषयी आपल्या मंडळींत दोन मते ऐकू येतात. शिवीगाळ, रक्तपात आणि उघडेवाघडे प्रसंग यांमुळे त्या घरात बसून पाहण्याच्या लायकीच्या नाहीत, असे एका पक्षाचे म्हणणे. दुसरा पक्ष म्हणतो की, वेळ बरा जातो, मग एवढी चिकित्सा कशाला? आम्हांस ही दोन्ही मते अपुरी वाटतात. जी गोष्ट घरात रोज सांगितली आणि ऐकली जाते, तिला आपण कादंबरीला लावतो तीच कसोटी लावली पाहिजे. कोणाची गोष्ट सांगितली जात आहे, कोणाच्या डोळ्यांनी, कोणत्या भाषेत, आणि सांगताना काय वगळले जात आहे, हे प्रश्न येथेही विचारले पाहिजेत. प्रस्तुत लेखात आम्ही त्यासाठी ‘पंचायत’ ही एकच मालिका घेतली आहे.

ही निवड सहेतुक आहे. ‘पंचायत’चे कथास्थळ उत्तर प्रदेशातील बलिया जिल्ह्यातील फुलेरा हे काल्पनिक गाव, परंतु तिचे चित्रीकरण झाले ते आपल्याच मध्य प्रदेशात, सिहोर जिल्ह्यातील महोडिया या गावी. प्रधानपतीची भूमिका करणारे रघुबीर यादव हे जबलपूरचे. याहून महत्त्वाचे कारण असे की, या मालिकेचा नायक आगंतुक आहे. नोकरीसाठी परक्या गावात येऊन पडलेला माणूस हा तिचा विषय, आणि आपल्या बहुतेक घरांचा मूळ पुरुष असाच आगंतुक होता.

हिंदी वेब मालिकांत गाव किंवा कसबा साधारणतः दोन रूपांत येतो. एक रूप रक्ताचे. ‘मिर्झापूर’मध्ये बंदूक हीच गावाची भाषा आहे, ‘जामतारा’त तरुणांची टोळी दूरध्वनीवरून देशभर लोकांना लुबाडते, ‘पाताल लोक’मध्ये दिल्लीतील एका गुन्ह्याचा माग चित्रकूटच्या भागात जातो आणि जातीच्या जुन्या जखमांपाशी पोहोचतो. दुसरे रूप गुळाचे. ‘गुल्लक’सारख्या मालिकांत लहान गावातील मध्यमवर्गीय घर, त्यातील किरकोळ कुरबुरी आणि शेवटी सर्वांनी एकत्र घेतलेला चहा. शहरातील प्रेक्षकाला गावाविषयी जी दोन स्वप्ने पडतात, एक भीतीचे आणि एक ओढीचे, ती दोन्ही येथे अलग अलग पुरविली जातात. ‘पंचायत’ ही या दुसऱ्या वर्गातील सर्वांत गुणवान मालिका. २०२३ मध्ये गोव्यातील भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात वेब मालिकांसाठी प्रथमच पुरस्कार ठेवण्यात आला, तो तिच्या दुसऱ्या भागास मिळाला.

कथा थोडक्यात अशी. अभिषेक त्रिपाठी हा अभियांत्रिकीचा पदवीधर; मनाजोगी नोकरी न मिळाल्याने महिना वीस हजार रुपयांवर फुलेऱ्याचा ग्रामपंचायत सचिव म्हणून रुजू होतो. व्यवस्थापनशास्त्राच्या प्रवेशपरीक्षेचा अभ्यास करावा आणि शक्य तितक्या लवकर येथून सुटावे, एवढाच त्याचा विचार. कागदोपत्री प्रधान मंजू देवी. कारभार पाहतात त्यांचे पती ब्रिजभूषण दुबे. उपप्रधान प्रल्हाद पांडे, कार्यालय सहायक विकास शुक्ला, आणि प्रधानांची कन्या रिंकी ही आणखी मुख्य पात्रे. लेखक चंदन कुमार, दिग्दर्शक दीपक कुमार मिश्रा. पहिला भाग एप्रिल २०२० मध्ये आला. पुढचे मे २०२२, मे २०२४ आणि जून २०२५ मध्ये.

मराठी वाचकाला येथे व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ आठवल्याशिवाय राहणार नाही. १९५५ सालची ही कादंबरी. औंध संस्थानातील एक तरुण मास्तर धनगरांच्या आडवाटेच्या वाडीवर शाळा चालविण्यासाठी येतो, प्रथम परका असतो, हळूहळू वाडीचा होतो. हिंदीत याच घराण्याची दुसरी महत्त्वाची कृती म्हणजे श्रीलाल शुक्ल यांची ‘राग दरबारी’. १९६८ साली ती प्रसिद्ध झाली आणि पुढल्याच वर्षी तिला साहित्य अकादमी पुरस्कार लाभला. तिच्यातील रंगनाथ हा शहरात शिकलेला संशोधक विद्यार्थी प्रकृती सुधारण्यासाठी मामांकडे, वैद्यजींकडे, शिवपालगंजला येतो आणि गावातील सत्तेचा सारा व्यवहार पाहून आतून हादरतो. मास्तर, रंगनाथ आणि सचिवजी असे हे तीन आगंतुक. तिघेही सुशिक्षित, तिघेही तरुण, आणि तिघांच्याही डोळ्यांनी आपण गाव पाहतो. गाव एकच असले तरी पाहणाऱ्याच्या हेतूप्रमाणे ते कसे वेगळे दिसते, हे या तीन कृती शेजारी ठेवल्या म्हणजे स्पष्ट होते. मास्तर कामासाठी येतो आणि काम करू लागतो. रंगनाथ विश्रांतीसाठी येतो आणि केवळ साक्षीदार राहतो. सचिवजी नाइलाजाने येतो आणि सुटकेचे दिवस मोजतो.

‘पंचायत’च्या पहिल्या भागाचे यश या नाइलाजात आहे. कार्यालयाची हरवलेली किल्ली, लग्नाला आलेल्या नवरदेवाने चाकांच्या खुर्चीसाठी केलेला रुसवा, कुटुंबनियोजनाची भिंतीवरची घोषणा आणि तिच्यावरून पेटलेले भांडण, पंचांच्या घरांसमोर लागणारे सरकारी सौर दिवे, इतक्या क्षुल्लक गोष्टींवर एकेक प्रकरण उभे केले आहे. क्षुल्लकातून गावाची रचना दाखविणे हे कठीण काम येथे सहज झाले आहे. सौर दिव्यांचेच पाहा. सार्वजनिक वस्तू सत्तेच्या दारात जाऊन कशी बसते, हे एका हसऱ्या प्रसंगातून कळते. त्यावर भाष्य करावे लागत नाही. आपल्या जिल्ह्यातील कोणत्याही ग्रामपंचायतीत बसलेला माणूस हा प्रसंग पाहून ओळखीचे हसेल.

याच भागाचा शेवटही विचारपूर्वक योजलेला आहे. प्रजासत्ताकदिनी ध्वजारोहण प्रधानांनीच करावे असा जिल्हाधिकाऱ्यांचा आग्रह पडतो, आणि आजवर चुलीपाशी राहिलेल्या मंजू देवींना राष्ट्रगीत शिकावे लागते. त्या अडखळत ते म्हणतात. त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने २४ एप्रिल १९९३ पासून पंचायतीत स्त्रियांसाठी किमान एकतृतीयांश जागा राखून ठेवल्या; परंतु राखीव जागेवर पत्नीचे नाव आणि खुर्चीवर पती, हा प्रकार उत्तर प्रदेशाइतकाच आपल्याकडेही परिचयाचा आहे. तेथे त्यास प्रधानपती म्हणतात, आपल्याकडे सरपंचपती, एवढाच फरक. नीना गुप्ता यांनी त्या एका प्रसंगात संकोच, भीती आणि स्वतःविषयीचे हळूच जागे होणारे कुतूहल असे काही दाखविले आहे की, अनेक व्याख्यानांनी जे साधणार नाही ते तेथे साधते.

दुसऱ्या भागाच्या अखेरीस मालिका हास्याची चौकट ओलांडते. प्रल्हादचा एकुलता मुलगा सैन्यात असतो. तो हुतात्मा होतो. फैसल मलिक यांनी उभा केलेला हा बाप ओरडत नाही. घर रिकामे आहे, एवढेच तो जाणवू देतो. तिसऱ्या भागात नुकसानभरपाईची मोठी रक्कम त्याच्याजवळ पडून असते आणि तिचे काय करावे हे त्याला सुचत नाही. तेथेच घरकुल योजनेतून दुसरे घर मिळावे म्हणून स्वतःच्या नातवाने आपणास बाहेर काढल्याचे सोंग करणारी म्हातारी भेटते. एकाजवळ पैसा आहे आणि घरात माणूस नाही. दुसरीजवळ माणसे आहेत आणि पुरेसे घर नाही. हे दोन धागे ज्या हाताने एकत्र आणले तो हात खऱ्या कथाकाराचा आहे, असे आम्ही निःशंकपणे म्हणू.

आता वगळलेल्या गोष्टींकडे वळू. मालिकेतील मुख्य चौघांची आडनावे पुन्हा एकदा वाचावीत : त्रिपाठी, दुबे, पांडे, शुक्ला. पूर्व उत्तर प्रदेशातील एका गावची सत्ता, मैत्री, दुःख आणि विनोद हे सारे एकाच जातीच्या वर्तुळात फिरते, आणि तरीही मालिकेत जात हा शब्द जवळजवळ उच्चारला जात नाही. गावात जमीन कोणाची, मजूर कोण, कोणाच्या दारी कोण बसतो आणि कोण उभा राहतो, यांविषयी ती मौन पाळते. ‘राग दरबारी’ने हे मौन पाळले नव्हते. ‘बनगरवाडी’त धनगर आहेत, रामोशी आहेत, मुसलमान आयबू आहे, आणि प्रत्येकाच्या पोटापाण्याचा मार्ग त्याच्या स्वभावाइतकाच नेमका सांगितलेला आहे. फुलेऱ्यात शेत दिसते ते बहुधा पार्श्वभूमीला. गुळाच्या वर्गातील मालिकांचा हा समाईक दोष. ज्या मालिका जातीविषयी बोलतात त्या रक्ताच्या वर्गात जातात. ज्या मायेविषयी बोलतात त्या जातीविषयी गप्प राहतात. माया आणि जात ही दोन्ही एकाच अंगणात नांदतात, हे गावात राहिलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. परंतु या कथाप्रकारात त्यांची अजून भेट झालेली नाही.

दुसरी गळती भाषेची. बलिया हा भोजपुरीचा मुलूख. फुलेऱ्यातील माणसे मात्र पूर्वेकडील वळणाची हिंदी बोलतात. भोजपुरी तोंडी लावण्यापुरती येते. व्यवसायाच्या दृष्टीने याचे कारण उघड आहे : मालिका सर्व हिंदी प्रांतांत समजली पाहिजे. वाङ्मयाच्या दृष्टीने मात्र हे नुकसान आहे, कारण माणूस ज्या भाषेत भांडतो आणि रडतो ती काढून घेतली की त्याच्या भांडणाचा आणि रडण्याचा अर्धा अर्थ जातो. माणदेशी बोली काढून टाकून ‘बनगरवाडी’ची कल्पना करता येईल काय? पारावर मास्तर बोलतो एका तऱ्हेने आणि कारभारी बोलतो दुसऱ्या तऱ्हेने. त्या दोन बोलींमधील अंतर कसकसे कमी होत जाते, हेच त्या कादंबरीचे एक अंगभूत कथानक आहे.

तिसरा मुद्दा कथाप्रकाराच्या घडणीचा. क्रमशः कथा आपल्याला नवी नाही. हरिभाऊ आपटे यांनी १८९० साली ‘करमणूक’ साप्ताहिक सुरू केले आणि ‘पण लक्षात कोण घेतो’ त्यातून क्रमशः प्रसिद्ध केली. वाचक आठवडाभर थांबत, आणि त्या थांबण्याच्या काळात यमूच्या दुःखावर घरोघर विचार होई. पुढे १९८४ मध्ये दूरदर्शनवर ‘हम लोग’ आली, तिनेही हीच शिस्त पाळली. वेब मालिकेने हे गणित उलटे केले. आठ प्रकरणे एका रात्रीत संपतात आणि मग दोन वर्षे काही नाही. दोन वर्षे प्रेक्षकाने विसरू नये म्हणून प्रत्येक भागाच्या शेवटी अधिक मोठा धक्का ठेवावा लागतो. ‘पंचायत’चा प्रवास पाहिला की हे नीट ध्यानात येते. पहिल्या भागात किल्ली आणि खुर्ची, दुसऱ्यात मृत्यू, तिसऱ्याच्या शेवटी प्रधानपतीवर गोळीबार, चौथा भाग संपूर्णतः निवडणुकीच्या दुष्मनीचा, जिच्यात क्रांती देवी मंजू देवींचा पराभव करतात. गुळाच्या गावात अशा रीतीने हळूहळू बंदूक आली. लेखकाची दृष्टी बदलली म्हणून हे झाले असे आम्हांस वाटत नाही. मालिका चालू ठेवण्याची गरज हेच त्याचे मुख्य कारण असावे.

आणि येथेच आगंतुकाच्या कथेचा गाभा धोक्यात येतो. अशा कथेला दोनच प्रामाणिक शेवट असतात. आलेला माणूस एक तर जातो, नाही तर राहतो. ‘बनगरवाडी’त मास्तर वाडीला तालीम बांधावयास लावतो, सारी वाडी राबते, राजेसाहेब येऊन जातात. त्याआधी अंजीने तालुक्याहून चोळी शिवून आणावयास सांगितली आणि मास्तरने ती भोळेपणाने आणून दिली, एवढ्यावरून कारभाऱ्याचे मन दुखावते. परक्याच्या एका निरागस कृतीची किंमत किती असते, हे तेथे कळते. पुढे दुष्काळ पडतो, माणसे आणि मेंढरे वाडी सोडतात, आणि मास्तरही निघतो. शाळेला मुलेच उरली नाहीत, तर मास्तर कशाला? त्या शेवटाला पर्याय नाही. सचिवजीची बदली होते, तीही टिकत नाही. गावकरी नव्या सचिवाला रुजू होऊ देत नाहीत आणि जुना परत येतो. चौथ्या भागात त्याला परीक्षेत उत्तम गुण मिळतात, रिंकीवरचे प्रेमही शब्दांत येते. तरी जाणे आणि राहणे यांचा निवाडा पुढे ढकलला जातो. २०२५ च्या जुलैतच पाचव्या भागाची घोषणाही झाली. आगंतुकाला उंबऱ्यावर कायमचे उभे करून ठेवणे यात व्यवसायाचे हित असेल. कथेचे हित त्यात नाही, कारण उंबऱ्यावरच्या माणसाला कशाचीच किंमत मोजावी लागत नाही.

हे सारे आपल्यासाठी इतके महत्त्वाचे का, ते आता सांगितले पाहिजे. आपल्या घरांचे पूर्वज या जिल्ह्यात नोकरीनिमित्त आले. कोणी नागपूरकर भोसल्यांच्या अमदानीत, कोणी १८६७ साली बालाघाट जिल्हा झाल्यावर कचेरीत, शाळेत, जंगल खात्यात, कोणी गोंदियाहून आलेल्या लोहमार्गाबरोबर, कोणी भरवेली-तिरोडीच्या मँगनीज खाणींवर. त्यांतील पुष्कळांनी अभिषेक त्रिपाठीप्रमाणेच बदलीची वाट पाहिली असणार. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. नागपूर मुंबई राज्यात गेले आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिला. घरे हलली नाहीत, सीमा हलली. ज्यांना परत जावयाचे होते ते गेले, बाकीचे राहिले. राहण्याची किंमतही मोजावी लागली : मुले हिंदी शाळांत गेली, घरची मराठी स्वयंपाकघरापुरती उरली, पोवारी आणि गोंडी शेजाऱ्यांशी नाती जुळली. ‘पंचायत’ जो प्रश्न चार भाग लांबणीवर टाकते, त्याचे उत्तर आपल्या आजोबा-पणजोबांनी जगून दिले आहे. दुर्दैवाने ते लिहून ठेवले नाही.

दुसऱ्या कोणी ते लिहावे अशी अपेक्षा बाळगणे व्यर्थ. २०२१ मध्ये आलेल्या ‘शेरनी’ या हिंदी चित्रपटाचे काही चित्रीकरण आपल्या बालाघाटच्या जंगलात झाले. तो पाहताना अनेकांना यवतमाळ जिल्ह्यात नोव्हेंबर २०१८ मध्ये मारल्या गेलेल्या अवनी वाघिणीची आठवण झाली. म्हणजे जंगल आपले, आठवण विदर्भाची, भाषा हिंदी. महोडियाने जसे बलियाचे सोंग घेतले तसेच हे. यात तक्रार करण्याजोगे काही नाही. चित्रीकरणाला जागा लागते आणि आपला प्रदेश देखणा आहे. परंतु देखावा म्हणून पडद्यावर येणे आणि गोष्ट म्हणून येणे यांत भेद आहे. हिंदी मालिकेत मराठी माणूस गोष्ट म्हणून येऊ शकतो, याचेही उदाहरण आहे. ‘सेक्रेड गेम्स’मधील हवालदार काटेकर, जितेंद्र जोशींनी साकारलेला, घरी पत्नीशी मराठीत बोलतो, आणि त्या चार खोचक, थकलेल्या वाक्यांमुळे त्याचा मृत्यू प्रेक्षकाला लागतो. उलट ‘सिटी ऑफ ड्रीम्स’मधील गायकवाड हे महाराष्ट्राच्या राजकारणातील बलाढ्य मराठी घराणे असूनही घरात प्रामुख्याने हिंदीच बोलते, आणि अतुल कुलकर्णी व प्रिया बापट यांच्या चांगल्या अभिनयानंतरही ते घर कोठल्याही प्रांतात उचलून ठेवता येईल असे वाटते.

एकंदर विचार करता ‘पंचायत’ ही पाहण्याजोगी मालिका आहे. पहिला भाग तर पुन्हा पाहण्याजोगा. तिची माणसे सच्ची आहेत, तिचा विनोद कोणाला हिणवीत नाही, आणि अभिनयाची तिची पातळी दूरदर्शनच्या उत्तम दिवसांची आठवण करून देते. तिच्या उणिवा तिच्या एकटीच्या नाहीत. त्या या कथाप्रकाराच्या आहेत. आमची सूचना एवढीच की, घरातील तरुण मंडळी ही मालिका पाहत असतील तेव्हा त्यांना अडवू नये, आणि पाहून झाल्यावर ‘बनगरवाडी’ त्यांच्या हाती द्यावी. देवनागरी त्यांना येतेच. माणदेशी शब्द अडले तर घरातील वडीलधाऱ्यांनी वाचून दाखवावे. तुलनेचे काम तरुण स्वतः करतील, कदाचित आमच्याहून चांगले करतील.

आणि वडीलधाऱ्यांसाठीही एक काम आहे. आपल्या घराण्यातील जो पहिला माणूस या जिल्ह्यात आला, तो कोणत्या गावाहून, कोणत्या नोकरीवर, किती पगारावर आला; पहिल्या वर्षी कोणाच्या ओसरीवर राहिला; परत जाण्याचा विचार त्याने केव्हा सोडला, आणि का; हे आठवेल तितके, घरात बोलतो त्या मराठीत, हिंदी-पोवारी शब्दांसकट, लिहून मंडळाकडे पाठवावे. शुद्धलेखनाची काळजी करू नये. दोन पाने आली तरी पुरेत.